बिस्किटाच्या डब्यातले एकतीस तुकडे

मी भुतांच्या सिनेमांचा एडिटर. उभी उमर याच धंद्यात गेली. तुम्ही असले सिनेमे बघत नसाल, तरी एक आवाज तुम्ही ऐकलेला असणार. बाई रडतेय की ओरडतेय हे कळू नये असा, खालून वर चढणारा आणि शेवटी एका स्वरावर लांबत लांबत विरून जाणारा अकरा सेकंदांचा आवाज. तो पहिल्यांदा मी एका सिनेमात लावला. मग मालिकावाल्यांनी उचलला, मग जत्रेतल्या भूतघरांनी, आणि आता तो कुणाच्याही मोबाइलात असतो. मैत्रिणीला मागून जाऊन दचकवायचं असलं की पोरी तोच लावतात.

तो आवाज माझ्या चुलत बहिणीचा आहे. भूकंपात तिची मुलगी गेली, तेव्हाचा.

हे मी तिला कधी सांगितलं नव्हतं. सांगायला पाहिजे हे पहिल्या दिवसापासून माहीत होतं आणि दर दिवाळीला तिच्याकडे जाऊन, जेवून, पाया पडून मी न सांगताच परत यायचो. तिला आम्ही सगळे आक्का म्हणतो. इथं कुणाचंच नाव लिहिणार नाही. मुलीचं तर नाहीच. का, ते पुढं येईल.

भूकंपाच्या साली मी लातूरला एका व्हिडिओ शूटिंगच्या दुकानात कामाला होतो. लग्नं, बारशी, साखरपुडे. दोन व्हीसीआर जोडून कॅसेट तयार करायची, त्याला आम्ही मिक्सिंग म्हणायचो. नवरीच्या डोळ्यांत पाणी आलं की तिच्याभोवती बदाम काढायचा, नवरदेव घोड्यावर बसला की मागं काश्मीरचे डोंगर लावायचे. दुकानाचे मालक मला एकाच गोष्टीवरून बोलायचे. "हात चांगला हाय तुझा. पण तू रडणाऱ्या बायांवर लई वेळ थांबतो. लग्नाची कॅसेट हाय का मयताची?" सगळे हसायचे. मीपण हसायचो. पण मला रडण्यात काहीतरी दिसायचं. हसताना माणूस कॅमेऱ्याकडे बघून हसतो. रडताना तो कॅमेरा विसरतो. एवढं मला तेव्हाच कळलं होतं आणि त्याचा मला जरा गर्वही होता.

भूकंप झाला तेव्हा लातूर शहर हललं, पण उभं राहिलं. आक्काला दिलेलं गाव औशाच्या पुढं होतं. पहिले दोन दिवस काहीच कळेना. आई एकच घोकत होती, "आधी आक्काचं बघ." तिसऱ्या दिवशी मालकांना कुठल्याशा कचेरीकडून गावांचं शूटिंग करायचं काम आलं. त्यांची जीप निघाली, त्यात मी बसलो. तेव्हा मी स्वतःला सांगितलं की मी आक्कासाठी चाललोय, कॅमेरा आपला बरोबर आहे. कॅमेरा खांद्यावर होता म्हणून वाटेत कुणी अडवलं नाही, हेही खरं.

गाव नव्हतंच. दगडमातीचे ढीग होते, पाऊस लागून गेलेला होता आणि चिखलात माणसं वाकून काहीतरी उचलत होती. आक्का एका ढिगावर बसली होती. दाजींना, म्हणजे तिच्या नवऱ्याला, पाय मोडला म्हणून सोलापूरला नेलं होतं. सासू गेली होती. सहा वर्षांची मुलगी गेली होती. आक्काच्या मांडीवर एक दगडी पाटी होती, साधा चरासुद्धा नसलेली.

तिनं मला बघितलं. ओळखलं. खांद्यावरचा कॅमेरा बघितला. मला वाटलं आता ती म्हणेल, ठेव ते खाली. ती म्हणाली, "आलास? घे बाबा, घे. तिचा फोटू न्हाई रे एकबी. तिचं नाव तरी राहू दे त्यात."

आणि तिनं गळा काढला.

आमच्याकडं बाई मयतावर नुसती रडत नाही. ती सांगते. गेलेल्या माणसाला उद्देशून, एका हेलात, त्याचं सगळं सांगते: काय खायचा, काय मागायचा, काय द्यायचं राहिलं. प्रत्येक ओळीच्या शेवटी त्याला हाक मारते आणि ती हाक श्वास संपेपर्यंत लांबवते. बाजूच्या बाया हुंकार देतात, म्हणजे तिला पुढची ओळ सुचते. हे कुणी शिकवत नाही, पण चुकलेलं सगळ्यांना कळतं. आक्का सांगत होती. फ्रॉकचं बटण लावायचं राहिलं. शेंगा भाजून ठेवल्या होत्या. परवाच शाळेत नाव घातलं. पाटी धड निघाली आणि तू गं कशी. आणि दर ओळीला मुलीचं नाव, लांबवून.

मी चार-साडेचार मिनिटं घेतलं. कॅमेरा खाली ठेवला नाही. तिच्या पाठीवर हात ठेवला नाही. यापेक्षा वाईट एक गोष्ट मी त्या चार मिनिटांत केली. तीही सांगणार आहे, पण आक्काला सांगितली त्याच जागी.

लातूरला परतल्यावर दुसऱ्याच दिवशी मी त्या कॅसेटमधला फक्त आवाज ऑडिओ कॅसेटवर उतरवून घेतला. आठवण म्हणून नाही. आवाज चांगला आला होता म्हणून. एवढं सरळ लिहायला मला इतकी वर्षं लागली. व्हिडिओची मूळ कॅसेट दुकानातच राहिली आणि पुढच्या लग्नसराईत मालकांनी तिच्यावर कुणाचं तरी लग्न भरलं. लहान दुकानांत तीच रीत होती, कॅसेट पुसायची आणि परत वापरायची. मी तेव्हा तिथंच बसलेलो होतो. बोललो नाही.

नंतर मुंबईला गेलो. एका एडिटरच्या हाताखाली लागलो. तो भुतांचे सिनेमे कापायचा, म्हणून मीही भुतांचे कापायला लागलो; निवड वगैरे काही नव्हती. पण माझं बस्तान बसलं, त्याचं कारण लातूरकडंच होतं. भूकंपानंतर कित्येक महिने आमच्याकडं माणसं घर धड असूनही अंगणात पत्र्याखाली बसायची. जमीन हलली की घाबरायची नाहीत, पळायची. घाबरायची ती हलायच्या आधी. भांडं वाजायचं थांबलं, कुत्रं गप झालं, की सगळे एकमेकांकडं बघायचे. मी पडद्यावर तेच केलं. दार उघडायच्या आधी बाकीचे एडिटर एक सेकंद थांबायचे, मी तीन थांबायचो. थिएटरात लोक खुर्च्या धरायचे. माझं नाव झालं ते या थांबण्यावर.

मग तो सिनेमा आला. डोंगरातलं गेस्ट हाऊस, त्यात मेलेली नवरी. तिच्या किंकाळीसाठी डबिंगला एक बाई बोलावल्या होत्या. त्या फार सुरेख ओरडायच्या. सुरेख, हीच अडचण. दिवसभर टेक झाले. दिग्दर्शक वैतागला. "ही बाई गातेय रे. मला मेलेली पाहिजे."

मी म्हणालो, "माझ्याकडं एक आवाज आहे."

मला कुणी विचारलं नव्हतं. कुणी जबरदस्ती केली नव्हती. मी आपणहून बोललो.

त्यानं कॅसेट डोळे मिटून ऐकली.  मग म्हणाला, "कोण आहे ही?" मी म्हणालो, "गावाकडची एक बाई." तो म्हणाला, "शब्द काढ. भूत सांगत बसत नाही."

तेव्हा आवाज पस्तीस मिलिमीटरच्या चुंबकी पट्टीवर उतरवून घ्यायचे. तपकिरी रंगाची, कडेला भोकं असलेली पट्टी. एक सेकंदाचा आवाज म्हणजे दीड फूट. ती मशीनवर हातानं पुढंमागं सरकवायची, अक्षर जिथं सुरू होतं तिथं खूण करायची आणि ब्लेडनं कापायची. दोन दिवस मी आक्काचे शब्द कापत बसलो. "शेंगा" कापल्या, "फ्रॉक" कापला. श्वास ठेवले. नावापाशी आलो तेव्हा हात अडला, पण हुशारीही तिथंच लागली. नावाची सुरुवात कापली आणि शेवटचा लांबवलेला स्वर ठेवला. ते स्वर एकाला एक जोडले. ज्या आवाजाला आज सगळे दचकतात, तो एका सहा वर्षांच्या मुलीच्या नावाचा शेवट आहे. म्हणून इथं नाव लिहीत नाही. लिहिलं तर तुम्हाला तो पुढच्या वेळी ओळखू येईल.

हाताखालच्या माणसाला पहिल्या दिवशी काय शिकवतात? कापलेल्या प्रत्येक तुकड्यावर पिवळ्या पेन्सिलनं लिही, कुठला आहे, कितवा आहे. तुकडा कधीही परत लागू शकतो. मी स्वतः नंतर कितीतरी जणांवर यावरून ओरडलोय. त्या एकतीस तुकड्यांवर मी काहीच लिहिलं नाही. लिहायचं तर शब्द लिहावे लागले असते. बिस्किटाचा एक पत्र्याचा डबा होता, त्यात तसेच कोंबले. ऑडिओ कॅसेट निर्मात्याच्या ऑफिसात गेली ती गेलीच. आक्काचा गळा सिनेमात राहिला आणि तिचं बोलणं डब्यात.

सिनेमा चालला. मी अडकलो.

खरंच अडकलो. लोकांना वाटतं, नाव झालं म्हणजे बरं चाललं असेल. मी एका बाप-लेकीच्या साध्या गोष्टीसाठी निर्मात्याकडं गेलो, तर तो हसून म्हणाला, "त्यात भूत कोण आहे?" एकाला मी फुकट कापून दाखवतो म्हणालो. त्यानं दाखवू दिलं, बघितलं आणि म्हणाला, "चांगलं आहे, पण उगीच भीती वाटते." लेकीनं नुसतं दार उघडलं होतं हो! पण माझा हात तीन सेकंद थांबल्याशिवाय दार उघडेना. आणि नवा कुठलाही दिग्दर्शक आला की पहिल्याच बैठकीत, "तो तुमचा आवाज लावायचा हं." तुमचा आवाज. मी मान हलवायचो. चौदा सिनेमांत लावला. एकदाही नाही म्हणालो नाही.

पुढं कामं आटली. माझ्यासारखी थांबणारी माणसं सगळ्यांना नकोशी झाली. आता दर दोन सेकंदाला काहीतरी आदळायला लागतं. नांदेडच्या एका कोचिंग क्लासला व्हिडिओ एडिटर पाहिजे होता. सरांची लेक्चरं साफ करायची: खोकला काढायचा, फळा पुसतानाचा वेळ काढायचा, "समजलं का" शंभरदा येतं त्यातलं नव्वदवेळा काढायचं. आधी लातूरला डॉक्टर-इंजिनिअर घडवायचा पॅटर्न निघाला, मग नांदेडही त्यातच बुडालं. देगलूर, नायगाव, चाकूर, कुठून कुठून पोरंपोरी येऊन खोल्या करून राहतात. गल्लीगल्लीत अभ्यासिका, खाली झेरॉक्स, वर होस्टेल. मी म्हटलं, चला, भुतं सुटली.

आणि आक्का नांदेडलाच होती. पाय बरा झाल्यावर दाजींना इथं दाल मिलमध्ये काम लागलं होतं. ते वारले. आक्कानं क्लासच्या पोरींसाठी मेस काढली. चाळीस पोरी जेवायच्या. भाकरी, वरण, शेंगदाण्याची चटणी, रविवारी सकाळी मुरमुऱ्यांचा सुसला. तिचा आवाज आता भांड्यांच्या आवाजावर चढवून चढवून जाड झालेला. मला म्हणाली, "भायेर कुठं जेवतूस? चाळीस जणींत एक दाढीवाला. बस कोपऱ्यात."

तिसऱ्याच दिवशी जेवताना एका पोरीनं दुसरीच्या कानाशी मोबाइल नेला आणि तो आवाज लावला. ती दचकली, वरण सांडलं, सगळ्या खिदळल्या. आक्का उलथनं घेऊन बाहेर आली. "बंद कर गं ते भूत! डाक्टर व्हायला आलात का चेटकिणी?"

पोरगी म्हणाली, "मावशी, तुम्हालाबी भ्या वाटतं का?"

"भ्या कशाचं? डोस्कं उठतं मला त्यानं. कोण बाई हाय काय म्हाईत. तोंडात माती घातल्यावानी वरडती."

मी घास गिळला. गिळला म्हणजे, पाण्यानं ढकलला.

त्या दिवसापासून सांगायचं ठरवलं. पण चाळीस पोरींच्या मेसमध्ये बाईला एकटं गाठणं किती अवघड आहे हे करून बघा. मी म्हणायचो, "आक्का, एक बोलायचं होतं." ती म्हणायची, "बोल की, कान हायेत मला," आणि तेवढ्यात गॅसवाला. पुढच्या दिवशी कणीक. त्याच्या पुढच्या दिवशी एका पोरीला ताप आला, तिच्या आईला फोन. एकदा सगळं नीट जमलं, ती मेथी निवडत बसलेली, घर रिकामं, आणि मी म्हणालो, "आक्का, भाव काय होता मेथीचा?" मला माझीच शिसारी आली.

शेवटी क्लासच्या सरांनीच मला ढकललं म्हणायचं. निकालाच्या आधी त्यांना एक जाहिरात करायची होती. मुलगी मोबाइलवर निकाल बघते, एका मार्कानं हुकलेली असते, आईबाप गप. सर खुर्चीत पुढं सरकून म्हणाले, "तुम्ही हॉररवाले. तुमचा तो फेमस आवाज इथं टाकायचा. आईबापाच्या काळजात धस्स झालं पाहिजे. क्लासच्या दारात मोठा स्क्रीन लावून राहिलोय, दिवसभर चालेल."

क्लासचं दार आक्काच्या मेसच्या समोर होतं.

मी नाही म्हणालो. आयुष्यात पहिल्यांदा. कारण सांगितलं नाही. सर म्हणाले, "बघा, आमचं काही अडत नाही," आणि त्यांचं खरोखर अडलं नाही. कुणीतरी नेटवरून पाच मिनिटांत तो आवाज उतरवला आणि लावला. माझं काम गेलं आणि स्क्रीन चालूच झाला. एवढ्या वर्षांत एकदा ताठ उभा राहिलो, त्याचं हे असं.

स्क्रीन लागला त्याच दुपारी, पोरी क्लासला गेल्यावर, मी आक्कासमोर जाऊन बसलो आणि बाहेरून तो आवाज आला तेव्हा म्हणालो, "आक्का, ही बाई तू आहेस."

तिला कळलंच नाही. मी सगळं सांगितलं. ढीग, कॅमेरा, कॅसेट, ब्लेड. ती ऐकत होती, तोंडाला पदर लावून. बाहेर दर दहा मिनिटांनी आवाज येत होता. तिनं तीनदा तो कान देऊन ऐकला. मग म्हणाली, "ही मी न्हाई."

"आक्का, तूच आहेस."

"मी अशी नव्हते रडले. मी बोलत हुते. माझ्या लेकरासंगं बोलत हुते मी. ही बाई काय बोलती? काहीच न्हाई. ही मी न्हाई."

मी तिच्यापुढं हात जोडले होते. मला वाटलं होतं, ती मारेल, किंवा रडेल, किंवा म्हणेल जाऊ दे. इतकी वर्षं मी या तिन्हींची तयारी केली होती. तिनं माझा गुन्हाच ओळखायला नकार दिला. मी चिडलो. लाज वाटते सांगायला, पण मी तिच्यावर चिडलो. म्हणालो, "बोलणं मी कापलं! तेच सांगतोय ना!"

"कापलं म्हणजे? टाकून दिलंस?"

"नाही. आहे."

"कुठं हाय?"

"डब्यात."

तिनं माझ्याकडं असं बघितलं की मी खाली बघितलं. "म्हणजे तिचं नाव तुझ्यापाशी हुतं. म्या कधी काय बोलले ते तुझ्यापाशी हुतं. मला आठवत न्हाई रे त्यातलं काही, लई येळा आठवाय बसते. आन् तू दर दिवाळीला माझ्या हातचं खाऊन गेलास."

भुताबद्दल ती एक शब्द बोलली नव्हती. यावरच बोलली.

मी मुंबईला जाऊन डबा आणला नाही, डब्यातलं आणलं. त्या पट्ट्या वाजवायचं मशीन आता कुणाकडं नसतं. एका जुन्या ध्वनिमुद्रकाकडं एक धूळ खात होतं. तो एकेक तुकडा लावत गेला. काही पंधरा-वीस फुटांचे, काही वीतभर. काहींची कड कुजली होती, पण आवाज होता. तो म्हणाला, "क्रम काय?" मी म्हणालो, "माहीत नाही." त्यानं मशीन थांबवलं. "तुला? तुला माहीत नाही?"

एकतीस आवाज आणि सिनेमातले ते स्वर लॅपटॉपवर घेऊन मी नांदेडला आलो. दुपारच्या पंगती आटोपल्यावर आक्का हात पुसून माझ्या शेजारी फरशीवर बसली. मी पहिला तुकडा वाजवला. "शेंगा भाजून". तिनं डोळे मिटले नाहीत. पडद्यावरच्या रेघांकडं बघत राहिली.

"हे आधी न्हाई," ती म्हणाली. "आधी फ्रॉक. बटणाचं आधी बोलले असन मी, ते सकाळचंच राहिलं हुतं."

मी फ्रॉक आधी घेतला. प्रत्येक ओळीला मुलीचं नाव जोडलं: सुरुवात डब्यातली, शेवट सिनेमातला. नाव पहिल्यांदा पुरं वाजलं तेव्हा तिनं माझ्या मनगटावर हात ठेवला, थांब म्हणून. मग हात काढला. "हं. फुडं."

तीन दुपारी गेल्या. आयुष्यात मी कितीतरी दिग्दर्शकांसोबत बसलो. एवढं नेमकं कुणी बोललं नव्हतं. "इथं श्वास घेतला असन मी, जागा सोड." "हे दोनदा म्हणले हुते." "पाटीचं शेवटाला. त्याच्यानंतर मला बोलताच आलं न्हाई." काही शब्द अर्धेच होते. मी म्हणालो, दुसरीकडून घेऊन भरतो, कळणार नाही. ती म्हणाली, "तू काही भरू नको. राहू दे फुटकं."

तीस तुकडे बसले. ती पहिल्यापासून ऐकत होती आणि मध्येच म्हणाली, "हितं काय हाय?"

"कुठं?"

"हितं, शाळंच्या आन् पाटीच्या मधी. मी थांबले हुते हितं. तोंड फिरवलं हुतं." ती आठवत होती. "कामून फिरवलं?"

एकतिसावा तुकडा मी वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवला होता. तिला ऐकवायचा नाही असं ठरवून नाही. तसा विचारच मनात येऊ दिला नव्हता. मी तो उघडला आणि वाजवला.

बावीस वर्षांच्या पोराचा आवाज, माझा. धडधाकट, लग्नातल्यासारखा. "आक्का, जरा इकडं तोंड कर. उजेड तिकडं न्हाई."

यापेक्षा वाईट गोष्ट म्हणालो होतो ती ही. ती लेकीशी बोलत होती आणि मी तिला उजेडाकडं वळवलं, आणि ती वळली. पाटी मांडीवर धरून वळली. त्यामुळं पुढचा आवाज थेट माइकात आला. तो इतका स्वच्छ आहे, इतकी वर्षं चालला, तो त्यामुळं. अकरा सेकंदांतले आठ त्याच्यानंतरचे आहेत.

 बाहेर स्क्रीनवर कुणीतरी पहिलं आल्याचं संगीत वाजत होतं.

मी म्हणालो, "हा काढून टाकतो. तुझंच राहील नुसतं."

"न्हाई."

"आक्का, माझा आवाज त्यात कशाला—"

"जिथं हुता तिथं ठेव," ती म्हणाली. "म्या तुझं ऐकून तोंड फिरवलं. ते झालंय. तू आता त्यातून निघून जाऊ नकोस."

मग ती उठली. चार वाजत आले होते, पोरींचा चहा टाकायचा होता. दारातून मागं न बघता म्हणाली, "आन् एका बटणावर लागंल असं करून दे मला. दुसऱ्या कुणाला द्यायचं न्हाई. तुझ्याजवळबी ठेवायचं न्हाई."

मी तो तुकडा शाळा आणि पाटी यांच्यामध्ये बसवला. त्याच्या आधी ती थांबते, साधारण दीड सेकंद. एवढी वर्षं असली जागा दिसली की माझा हात ती लांबवायला शिवशिवायचा. तशीच ठेवली. मग सगळं पेन ड्राइव्हवर घातलं, माझ्याकडचं पुसलं आणि चहाची भांडी वाजत होती तिकडं गेलो. तिनं पेन ड्राइव्ह घेतला, चोळीत खोचला आणि माझ्या हातात चाळीस कपांचा ट्रे दिला. "उगी हुबा राहू नको. वाट."